रिसॉर्ट आणि कॅसिनो डिझाइन करणाऱ्या आर्किटेक्टचं करिअर : बेळगाव-खानापूरच्या मुलांसाठी

मार्कंडेय_काठ

नमस्कार मंडळी. मागच्या आठवड्यात शहापुरात नातेवाइकांकडे जेवायला गेलो होतो, त्यांची मुलगी सेकंड पीयूसीला, म्हणजे बारावीला आहे, तिनं जेवण वाढता वाढता विचारलं, काका, रिसॉर्ट आणि कॅसिनो डिझाइन करणारा आर्किटेक्ट व्हायचं तर काय करायचं? हात धुवायला उठेपर्यंत मी बोलत होतो तरी निम्मं राहिलंच, म्हणून इथे लिहितोय, अजून कुणाच्या घरी हा प्रश्न असेल तर उपयोगी पडेल. मी एकोणीस वर्षं याच कामात आहे, आधी पुणं, मग पणजीत नऊ वर्षं आणि आता तिलकवाडीत छोटं ऑफिस.

शिक्षणाचं पटकन सांगतो. बी.आर्क., म्हणजे आर्किटेक्चरची डिग्री, पाच वर्षं, बारावीला फिजिक्स आणि मॅथ्स पाहिजेच, नाटा ही प्रवेश परीक्षा द्यायची, कर्नाटकातली सीट केईएकडून, म्हणजे राज्याच्या परीक्षा प्राधिकरणाकडून मिळते. पास झाल्यावर कौन्सिल ऑफ आर्किटेक्चरकडे रजिस्ट्रेशन, १९७२ च्या कायद्याप्रमाणे ते असल्याशिवाय स्वतःला आर्किटेक्ट म्हणवून घेता येत नाही. रिसॉर्टची वेगळी डिग्री घ्यावी लागत नाही, हे काम ऑफिसात आणि साइटवर शिकायचं.

आणि ते शिकणं कुठून सुरू होतं, तर बाथरूममधून. माझी पहिली तीन वर्षं बाथरूम काढण्यात गेली. तेव्हा फार वाईट वाटायचं, बरोबरची मुलं बंगल्यांचे एलिव्हेशन करत होती आणि मी टाइल कुठून चालू करायची, कमोडच्या मागचा पाइप कुठल्या डक्टमधून, म्हणजे पाइप न्यायच्या उभ्या पोकळीतून, खाली न्यायचा हे काढत बसलेलो. पण हॉटेलात एक खोली साठ वेळा बांधली जाते, म्हणजे एक इंच चुकला की साठ ठिकाणी चुकतो, हे डोक्यात बसलं ते तिथेच.

म्हणून सगळं हॉटेल बांधायच्या आधी एक खोली पूर्ण करतात, चादर-टॉवेलसकट, तिला मॉक-अप रूम म्हणतात. माझ्या पहिल्या मॉक-अपला हॉटेलचे जनरल मॅनेजर आले, बूट काढले, बेडवर आडवे झाले आणि सगळे दिवे घालवायला सांगितले. मग अंधारात हात लांब करून स्विच शोधायला लागले. सापडेना. बोर्ड मी बेडशेजारच्या टेबलाच्या मागे, त्याच्या वरच्या कडेपेक्षा तीन इंच खाली दिला होता, ड्रॉइंगवर अगदी स्वच्छ दिसत होता. मग ते उठून बाथरूमकडे गेले, दार उघडलं तर आतला उजेड थेट दुसऱ्या उशीवर, म्हणजे नवरा रात्री उठला की बायकोची झोप गेलीच. ते काही बोलले नाहीत, नुसतं माझ्याकडे बघितलं. त्या दिवसापासून मी प्रत्येक खोलीत आधी झोपून बघतो, मग ड्रॉइंगवर सही करतो.

दुसरी गोष्ट, पाहुण्याला दिसतं त्यापेक्षा न दिसणारं काम अवघड असतं. लाँड्री कुठे, मळकी चादर कुठल्या वाटेनं खाली जाणार, भाजीचा टेम्पो कुठे लागणार, कचरा आणि जेवण एकाच पॅसेजमधून जाणार नाही ना, कामगार डबा कुठे बसून खाणार. पाणी तर सगळ्यात आधी. आपल्या नॅशनल बिल्डिंग कोडप्रमाणे साध्या हॉटेलात एका बेडमागे दिवसाला १८० लिटर धरतात आणि फोर-फाइव्ह स्टारला ३२०. चाळीस खोल्या, ऐंशी बेड म्हटलं तरी २५,६०० लिटर, वर स्विमिंग पूल आणि बाग वेगळी. जांबोटीकडे कुणी जागा दाखवायला नेलं की सगळे समोरचा डोंगर दाखवतात, मी आधी बोअर आणि विहीर विचारतो आणि तेपण एप्रिल-मेमध्ये येऊन बघतो. पावसाळ्यात तिथे कुणालाही पाणी दिसतं.

विचारा काय विचारायचं ते, जमेल तसं उत्तर देतो.

निपाणीवाला

छान लिहिलंय. पण साहेब, आपल्या कर्नाटकात कॅसिनोला परवानगीच नाही, मग ह्या भागातल्या मुलानं कॅसिनोचं काम शिकून करायचं काय? आणि गोव्यात तर सगळं बोटीवर असतं ना? बोट आर्किटेक्ट काढतो की जहाजवाला इंजिनियर?

मार्कंडेय_काठ

@निपाणीवाला, बरोबर प्रश्न आहे. भारतात कॅसिनोचं काम फार थोडं आहे, गोवा आणि सिक्कीम एवढंच धरा. गोव्यात १९७६ चा जुगाराचा कायदा आहे, त्यात १९९२ ला बदल करून फाइव्ह स्टार हॉटेलात मशीनवरच्या खेळांना परवानगी दिली आणि १९९६ ला पाण्यावरच्या जहाजात टेबलावरच्या खेळांना. म्हणून मांडवीत ती जहाजं उभी दिसतात. जहाजाचा सांगाडा, वजन, तोल हे सगळं नेव्हल आर्किटेक्टचं काम, आपल्याकडे फक्त इंटीरियर येतं, आणि त्यातही तुम्ही संगमरवर लावायला गेलात की तो पहिल्यांदा किलो विचारतो. बिल्डिंगमध्ये काम केलेल्या माणसाला हे फार जड जातं, मला गेलं.

मी एका हॉटेलातल्या कॅसिनोच्या कामावर दीड वर्ष होतो. लोकांना वाटतं झुंबरं आणि लाल गालिचा म्हणजे कॅसिनो. खरं काम छतात असतं. प्रत्येक टेबलावर कॅमेरा पाहिजे, कॅमेऱ्याला पत्त्याचा आकडा आणि चिपचा रंग स्वच्छ दिसला पाहिजे, म्हणजे दिवा असा लावायचा की पत्त्यावर चमक येता कामा नये आणि खेळणाऱ्याच्या कपाळावर सावली येता कामा नये. मध्ये एक खांब आला की चार कॅमेरे वाढतात. मशीन दर थोड्या महिन्यांनी हलवतात म्हणून फरशी उचलता येणारी द्यायची, खालून वायर. पैसे मोजायची खोली आणि पैसे देण्या-घेण्याची खिडकी, जिला केज म्हणतात, ह्यांच्यामधली वाट पाहुण्यांच्या वाटेला कुठेही लागली नाही पाहिजे. हे सगळं एकदा समजलं की बँक, म्युझियम, एअरपोर्ट कुठेही कामाला येतं, म्हणून शिकणं वाया जात नाही.

ज्यांना ह्या कामाचा इतिहास बघायचाय त्यांनी वेन मॅकॅलिस्टर बघा. डिग्री नसलेला माणूस. विशीच्या आसपास असताना मेक्सिकोत टिहुआनाला आगुआ कालिएंते नावाचं जुगाराचं रिसॉर्ट काढलं, ते १९२८ ला उघडलं. १९४१ ला लास वेगासच्या बाहेर माळावर एल रांचो वेगास, आज ज्याला स्ट्रिप म्हणतात तिथलं पहिलं रिसॉर्ट. १९५२ ला सँड्स. आता त्याचं पुढं काय झालं बघा. मेक्सिकोनं १९३५ ला जुगारावर बंदी घातली आणि आगुआ कालिएंते बंद पडलं, एल रांचो १९६० ला जळालं, सँड्स १९९६ ला पाडलं, आणि हा माणूस २००० साली वारला, म्हणजे तिन्हींचा शेवट त्याच्या हयातीत झाला. मी पहिल्यांदा हे वाचलं तेव्हा दोन दिवस कामात लक्ष लागलं नाही.

आणि एक, आगीचं. लास वेगासचं एमजीएम ग्रँड, मार्टिन स्टर्न ज्युनियर ह्यांचं डिझाइन, १९७३ ला उघडलं तेव्हा जगातल्या सगळ्यात मोठ्या हॉटेलांपैकी एक. २१ नोव्हेंबर १९८० ला सकाळी खालच्या एका खाण्याच्या जागेत वायरिंगमुळे आग लागली. तिथे आणि कॅसिनोच्या हॉलमध्ये स्प्रिंकलर, म्हणजे आग लागली की छतातून आपोआप पाणी फवारणारे नळ, नव्हते, ही जागा चोवीस तास माणसांनी भरलेली असते मग आग लागली तर कुणाला तरी दिसेलच असा विचार झाला होता. ८५ माणसं गेली. त्यातली बहुतेक वरच्या मजल्यांवर, आगीनं नाही, धुरानं, कारण धूर जिन्यातून, लिफ्टच्या शाफ्टमधून आणि बिल्डिंगच्या सांध्यातून वर चढला. माझ्या ऑफिसात नवीन मुलगा आला की पहिल्या आठवड्यात मी त्याला ह्या बिल्डिंगचा प्लॅन बघायला लावतो. मग तो डक्टला स्लॅबच्या लेव्हलला सील दाखवायला विसरत नाही.

कुंदा_कॅम्प

दादा, मी वर जिचा विषय निघाला तशाच एका मुलीची आई आहे. तुम्ही प्रामाणिकपणे लिहिताय म्हणून विचारते, राग मानू नका. हे काम चांगलं आहे का? म्हणजे पोरीनं पाच वर्षं शिकायचं, आम्ही कर्ज काढायचं आणि शेवटी तिनं लोकांनी पैसे हरावेत म्हणून जागा सजवायची? आमच्या माहेरी एक घर पत्त्यापायी गेलंय, मला ते नावसुद्धा नको वाटतं.

मार्कंडेय_काठ

आक्का, राग कसला, हा प्रश्न मी स्वतःला दीड वर्ष विचारत होतो. मला दिलेल्या ब्रीफमध्ये, म्हणजे काय काय पाहिजे त्या कागदात, स्पष्ट होतं की बाहेरचा उजेड आत येऊ द्यायचा नाही, घड्याळ लावायचं नाही, बाहेर जायची वाट सरळ दिसू द्यायची नाही, टेबलांच्या मधून वळत वळत गेली पाहिजे. मी घरात शिकलो ते उलटं. आमच्या शहापूरच्या जुन्या घराला मधे चौक होता, आई चौकातलं ऊन कुठल्या फरशीवर आलंय ते बघून कुकर लावायची. माणसाला वेळ कळू नये म्हणून जागा बांधायची हे माझ्या हाताला येईना. काम पूर्ण केलं, चांगलं केलं, त्यानंतर कॅसिनोचं काम घेतलं नाही. रिसॉर्टची घेतो. हा माझा निर्णय, दुसऱ्यानं घेतलंच पाहिजे असं मी म्हणणार नाही, ह्या कामात माझ्यापेक्षा चांगली माणसं आहेत.

सगळे कॅसिनो एकसारखे नसतात हेपण सांगतो. लास वेगासच्या १९८९ च्या मिराजमध्ये जोएल बर्गमन ह्यांनी आत शिरल्याबरोबर काचेच्या घुमटाखाली झाडं दिली, उजेड आत आणला. सिंगापूरनं तर कायद्यानंच हात बांधले. मोशे साफदी ह्यांचं मरीना बे सँड्स, २०१० ला उघडलेलं, ५५ मजल्यांचे तीन टॉवर आणि वर ३४० मीटर लांब बाग, फोटो सगळ्यांनी बघितलाय. पण ते उघडलं तेव्हा तिथे खेळायची जागा १५,००० चौरस मीटरच्या वर नेता येत नव्हती, आणि सिंगापूरच्या माणसाला आत जायला फी भरावी लागते, परदेशी माणसाला नाही. बाकी सगळं हॉटेल, हॉल, दुकानं, म्युझियम. आर्किटेक्टला तिथे कामाचा मोठा भाग कॅसिनोच्या बाहेरच मिळाला.

मुलीला शिकू द्या. कुठलं काम घ्यायचं ते तिला पुढे ठरवता येतं, आर्किटेक्टला नाही म्हणता येतं. मी नाही म्हटलं, तरी उपाशी राहिलो नाही.

चिरा_आणि_कौल

मी खानापूर साइडला कॉन्ट्रॅक्ट घेतो, चिऱ्याची कामं जास्त. आर्किटेक्ट लोकांनी एक गोष्ट ध्यानात घ्यायला पाहिजे, आमच्याकडचा पाऊस. पुण्या-बेंगळूरचे येतात, मोबाइलवर बालीचा फोटो दाखवतात, म्हणतात असंच पाहिजे. कणकुंबीत पाऊस आडवा येतोय हो, वरून येतच नाही. मागच्या वर्षी एका रिसॉर्टला असलं छप्पर करून दिलं, आता दर जूनला मलाच फोन करूलालेत, पाणी गळूलालंय म्हणून. ड्रॉइंग कुणाचं आणि शिव्या कुणाला.

मार्कंडेय_काठ

@चिरा_आणि_कौल, मामा, ही चूक मी स्वतः केली आहे, आणि बेळगावचा असून केली आहे. पणजीहून परत आल्यावरचं पहिलं स्वतःचं काम, चोर्ल्याच्या अलीकडे बारा कॉटेज. मी मंगलोरी कौलाचं छप्पर काढलं आणि उतार ठेवला १८ डिग्री, कारण छप्पर बसकं असलं की फोटोत बरं दिसतं. तुमच्याच भागातले एक म्हातारे गवंडी होते, त्यांनी ड्रॉइंग बघितलं नाही, नुसता दोरा लावून उतार बघितला आणि म्हणाले, साहेब, हे कौल पाणी पिणार. मी ऐकलं नाही. जुलैच्या दुसऱ्या आठवड्यात वारा पश्चिमेनं आला, एका कौलाच्या खालून पाणी उलटं वर चढलं आणि रीप भिजून बेडवर ठिपके पडायला लागले. मी स्वतः खोलीत उभा होतो, गादीवर एक तपकिरी डाग माझ्यासमोर रुपयाएवढा होता तो ताटाएवढा झाला.

पाऊस उघडल्यावर सगळी कौलं उतरवली, उतार ३५ केला, कौलाच्या खाली पत्रा घातला, वळचण चार फूट बाहेर काढली आणि दोन छपरांच्या मधली पन्हळ दुप्पट रुंद केली. लाकडाचे निम्मे पैसे मी भरले, कुणी मागितले नव्हते. आता पंधरा-सोळा जूनला मी न सांगता तिकडे जाऊन बसतो, रात्रभर राहतो.

आणि म्हणूनच मला वाटतं ह्या कामात आपल्या भागातल्या मुलांना फार मोठी संधी आहे. खानापुरात कौलं आणि विटा भाजणारी माणसं आहेत, चिरा तासणारे आहेत, मडकी-कुंभारकामाचं शिक्षण देणारं केंद्र आहे. भीमगड २०११ ला अभयारण्य झालं, तिथलं जंगल जवळ आहे म्हणजे कुठे बांधायचं नाही हे आधी शिकायला मिळतं. शिवाय भाषा. जमिनीचे कागद कन्नडात, गवंड्याशी मराठीत, गोव्याच्या सुताराशी कोकणीत, क्लायंटशी हिंदी-इंग्रजीत. बेळगावच्या मुलाला हे घरबसल्या येतं. मी पणजीच्या ऑफिसात टिकलो ते ड्रॉइंगपेक्षा ह्याच्यामुळे, साइटवर भांडण झालं की मलाच पाठवायचे.

उद्यमबाग_२७

सर, माझा सिव्हिलचा डिप्लोमा झालाय, उद्यमबागला एका फाउंड्रीत मेंटेनन्स बघतोय, वय २७. आता बी.आर्क. म्हणजे बाहेर पडेपर्यंत ३२-३३. घरचे म्हणतात खुळ्यासारखं करू नको. उशीर झालाय का खरंच सांगा. आणि पैशाचं पण सांगा, सगळे ते सोडून बाकीचं सांगतात.

मार्कंडेय_काठ

@उद्यमबाग_२७, जेफ्री बावा नाव ऐकलंय का? श्रीलंकेचे. आधी वकील होते, ते सोडलं, लंडनला शिकून १९५७ ला आर्किटेक्ट झाले तेव्हा वय ३८. मग १९६९ चं बेंटोटा बीच हॉटेल, आणि १९९४ चं कंडलामा, जे काढलं तेव्हा सत्तरी ओलांडली होती. कंडलामाची गोष्ट मी सगळ्यांना सांगतो. मालकांनी सिगिरियाच्या प्रसिद्ध खडकाच्या पायथ्याशी जागा ठरवली होती. बावांनी ती नको म्हटलं आणि काही किलोमीटर लांब, जुन्या तलावाच्या काठावरच्या कड्याला हॉटेल चिकटवलं, म्हणजे खडकाजवळ गर्दी नाही आणि पाण्यापलीकडे तो दिसतो. आज झाडं-वेली इतक्या वाढल्यात की लांबून बिल्डिंग शोधावी लागते. क्लायंटला जागाच बदलायला लावणं, ह्याला वय आणि अनुभव लागतो, तुझी फाउंड्रीतली वर्षं तिथे मोजली जातात. पंप, बॉयलर, डक्ट तुला हातानं माहीत आहेत, पाच वर्षं कॉलेज करून आलेल्या मुलाला नसतात.

पैशाचं सांगतो. माझा पहिला पगार महिना सहा हजार होता आणि खोलीभाडं तीन. पहिली सात-आठ वर्षं घरच्यांना काही पाठवता आलं नाही, हे मनाची तयारी करून ये. रिसॉर्टचं एक काम तीन-चार वर्षं चालतं आणि फी टप्प्याटप्प्यानं येते, कन्सेप्टला थोडी, परवानगीच्या ड्रॉइंगला थोडी, मग काम चालेल तशी. मालकाचं कर्ज अडकलं की तुझा टप्पा अडकतो. मी सुरुवातीला एका मालकाला कन्सेप्टचे सगळे कागद ऍग्रीमेंट न करता दिले, माणूस ओळखीचा, घरी चहाला येणारा. त्यानं ते कॉन्ट्रॅक्टरला देऊन बांधून घेतलं. रस्त्यावरून जाताना अजून दिसतं, जिना चुकीच्या बाजूला घेतलाय. तेव्हापासून सही आणि पहिला हप्ता आल्याशिवाय पेन्सिल उचलत नाही, सख्खा मामा असला तरी.

सेकंड_पीयू

काका, ज्या मुलीनं वाढताना विचारलं होतं ती मीच. बाबांनी धागा दाखवला. मला एवढंच विचारायचंय की नाटाला अजून चार महिने आहेत, तोपर्यंत मी काय करू? यूट्यूबवर सगळे सॉफ्टवेअर शिका म्हणतात.

मार्कंडेय_काठ

बाळ, सॉफ्टवेअर कॉलेजात गेल्यावर येईल. आता वही घे. रविवारी कुठल्यातरी लग्नाला जाशीलच, मंगल कार्यालयात सगळे स्टेजकडे बघतात तेव्हा तू मागच्या बाजूला भटारखान्यात जा. तिथून पंगतीपर्यंत वाढप्याला किती पावलं पडतात मोज, वाटेत पायरी कुठे आहे, आमटीची बादली घेऊन दोन माणसं समोरासमोर आली तर कोण थांबतं, खरकटं कुठल्या दारानं बाहेर जातं, भांडी घासणाऱ्या बायकांच्या डोक्यावर छप्पर आहे का. काढून आण, घाणेरडं आलं तरी चालेल.

सेकंड_पीयू

काल वडगावला लग्न होतं, जाऊन आले. भटारखान्यातून पहिल्या पंगतीला ६४ पावलं, शेवटच्या पंगतीला ९१. मध्ये दोन पायऱ्या आहेत, एक सहा इंचाची आणि एक आठ इंचाची, सगळे वाढपी तिथे खाली बघतात. खरकटं आणि जेवण एकाच दारातून जातं. भांडी घासणाऱ्या मावश्या उन्हात होत्या, त्यांनी साडीचा पदर दोरीवर टाकून सावली केली होती. मी विचारलं तर म्हणाल्या पावसात ताडपत्री बांधतो. चार पानं काढलीत, एका पानावर आमटी सांडली आहे.

मार्कंडेय_काठ

ते पान फाडू नको. आठ इंची पायरी कुठल्या बाजूला आहे ते बाणानं दाखव आणि ते एकच दार आत उघडतं की बाहेर, त्याला रात्री कुलूप असतं का, तेवढं विचारून ये. मग वही घेऊन शनिवारी ऑफिसला ये, बाबांना पण आण.

कुंदा_कॅम्प

दादा, आमची पण आली तर चालेल का? तिनं आमच्या गल्लीतल्या कार्यालयाचं काढायला सुरुवात केलीय, सकाळपासून टेप घेऊन तिकडेच आहे.

मार्कंडेय_काठ

चालेल की आक्का. टेप तिचीच आणू दे, माझ्या ऑफिसातली पाच मीटरची आहे, तिला पुरणार नाही.